पायरेटेड सॉफ्टवेअरवरचा लेख पुन्हा लिहिताना किती शब्द बदलावेत?

प्रश्न थोडक्यात असा: "बी.कॉम. झाल्यावर सांगलीत विश्रामबागेत घरूनच लिखाणाची कामं घेते. एका एजन्सीकडून सध्या पायरेटेड सॉफ्टवेअरवरचे मराठी लेख रिराइट करायला येतात. सूचना एकच असते: अर्थ तोच ठेवा, शब्द बदला, तपासणीच्या टूलमध्ये साम्य कमी दिसलं पाहिजे. मी समानार्थी शब्द घालते, पण नंतर वाचताना काहीतरी खटकतं. काही लेखांत क्रॅक (लायसन्सची तपासणी मोडणारी फाइल) कसं टाकायचं तेही दिलेलं असतं. किती शब्द बदलले म्हणजे लेख सुरक्षित होतो? आणि हे काम करावं का?"

सुरक्षित होण्याचा असा कोणताही आकडा नाही. दहातले तीन शब्द बदला नाहीतर आठ बदला, मूळ लेखकाने ज्या क्रमाने विचार मांडला तो क्रम तसाच राहिला तर लेख त्याचाच राहतो. शिवाय तुमचा विषय असा आहे की त्यात शब्द बदलला की बऱ्याचदा वस्तुस्थितीच बदलते. तुम्हाला जे खटकतं ते बरोबरच खटकतं. मी सांगलीत बरीच वर्षं संपादनाचं आणि तांत्रिक लिखाणाचं काम करतोय. शब्द फिरवून आलेले लेख रोज टेबलावर येतात, आणि त्यातल्या चुका एकाच जातीच्या असतात. म्हणून आधी एक नमुनाच घेऊ. खालचा उतारा मीच या उत्तरासाठी रचला आहे.

"क्रॅक केलेलं सॉफ्टवेअर वापरणाऱ्याला कंपनीकडून सुरक्षेचे अपडेट मिळत नाहीत. लायसन्स तपासणारा भाग काढून टाकलेला असल्यामुळे प्रोग्रॅममध्ये आणखी काय बदललंय हे त्याला कळत नाही. जाणूनबुजून अशी प्रत वापरणं हा भारतात गुन्हा आहे."

आता समानार्थी शब्द घालून तयार होतो तो हा:

"भेदलेली संगणक प्रणाली हाताळणाऱ्यास आस्थापनेकडून संरक्षणाच्या सुधारणा प्राप्त होत नाहीत. परवाना पडताळणारा हिस्सा हटवलेला असल्याने कार्यक्रमात अजून काय पालटलं आहे हे त्यास उमगत नाही. हेतुतः अशी नक्कल उपयोगात आणणं ही देशात चूक आहे."

टूल याला पास करेल, कारण जवळजवळ प्रत्येक नाम आणि क्रियापद बदललं आहे. पण वाचणाऱ्याच्या हाती काय पडलं ते बघा. संगणक प्रणाली म्हटलं की कुणाला अख्खा कॉम्प्युटर वाटेल, कुणाला ऑपरेटिंग सिस्टीम. इथे म्हणायचं होतं एक प्रोग्रॅम. त्या प्रोग्रॅमचा कार्यक्रम झाला, आणि कार्यक्रम म्हणजे आपल्याकडे भावे नाट्यमंदिरात होतो तो. नक्कल म्हटलं की इथल्या माणसाला तहसील कचेरीतून मिळणारी सही-शिक्क्याची नक्कल आठवते, म्हणजे उलट अधिकृत कागद. आणि शेवटच्या वाक्यात तर दोन ठिकाणी कायदा बदलला आहे. कॉपीराइट कायद्यात प्रश्न जाणिवेचा आहे: ही प्रत बेकायदा आहे हे माहीत असून वापरली का. 'हेतुतः' म्हणजे काही उद्देश मनात धरून, ती वेगळी गोष्ट. आणि 'गुन्हा'च्या जागी 'चूक' आल्यावर वाचणाऱ्याला वाटणार, चूकच आहे ना, सगळेच करतात.

एवढं सगळं बिघडूनही उताऱ्याचा सांगाडा जसाच्या तसा आहे. आधी अपडेट, मग लायसन्स, मग गुन्हा. कारण तिथेच, परिणाम तिथेच. मूळ लेखकाने हे दोन्ही उतारे शेजारी ठेवले तर त्याला क्षणभरही शंका राहणार नाही.

टूलबद्दल थोडं सांगतो, कारण तुमच्या एजन्सीचा सगळा भरवसा त्याच्यावर दिसतो. साम्य मोजायच्या जुन्या पद्धती लागोपाठच्या शब्दांचे छोटे तुकडे पाडतात आणि दोन मजकुरांत असे किती तुकडे सारखे आहेत ते बघतात. आंद्रेई ब्रोडर यांनी १९९७ मध्ये वेबपानांसाठी ही कल्पना नीट मांडली. अशा पद्धतीत प्रत्येक तुकड्यातला एक शब्द बदलला की तुकडा जुळत नाही, म्हणून आकडा खाली येतो. आकडा खाली आला याचा अर्थ एवढाच की त्या टूलला तुकडे जुळलेले दिसले नाहीत. त्यानंतर अर्थावरून साम्य ओळखणाऱ्या पद्धती आल्या, त्यांना 'कंपनी'च्या जागी 'आस्थापना' घालून फारसा फरक पडत नाही. आणि गूगलने आपल्या स्पॅमविषयक धोरणात हे नाव घेऊन लिहिलं आहे: दुसऱ्याचा मजकूर घेऊन समानार्थी शब्द घालून किंवा यंत्राने थोडाफार बदलून पुन्हा टाकणं हे स्पॅम मानलं जाईल. मार्च २०२४ पासून तर ढिगाने तयार केलेल्या निरुपयोगी मजकुरासाठी वेगळा नियम आहे, मग तो माणसाने लिहिलेला असो की यंत्राने. म्हणजे एजन्सी ज्या कारणासाठी हे करून घेते, सर्चमध्ये वर यावं म्हणून, तेच कारण यातून पुरं होत नाही.

इंग्रजीत हा खेळ आधीपासून चालू आहे. शब्द फिरवणाऱ्या सॉफ्टवेअरमधून काढलेल्या लेखांत विंडोज या ऑपरेटिंग सिस्टीमचं 'होम विंडोज' झालेलं सर्रास सापडतं, घराच्या खिडक्या. शास्त्रीय निबंधसुद्धा सुटले नाहीत. २०२१ मध्ये गियोम काबानाक, सिरिल लाबे आणि अलेक्झांडर मागाझिनोव या संशोधकांनी असे पिळवटलेले शब्दप्रयोग गोळा करून दाखवले. आर्टिफिशियल इंटेलिजन्सच्या जागी 'काउंटरफिट कॉन्शसनेस', बिग डेटाच्या जागी 'कोलॉसल इन्फर्मेशन', असे. चोरी लपवायला बदललेला शब्दच पुढे चोरीची खूण ठरला. कुठलाही जाणकार मूळ संज्ञेला असं नाव देत नाही, म्हणून एक शब्द दिसला की सगळा निबंध संशयात. मराठीत तुमच्या लेखातल्या 'भेदलेली संगणक प्रणाली'चं नेमकं हेच होणार आहे.

आता कायद्याचा भाग. यात दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि त्या एकत्र करू नका: ज्या लेखाचं तुम्ही पुनर्लेखन करता त्या लेखाचा कॉपीराइट, आणि लेखात ज्याबद्दल लिहिलंय त्या सॉफ्टवेअरचा कॉपीराइट.

लेखाचं आधी. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलम २ मध्ये रूपांतराची व्याख्या आहे, आणि तिच्यात एखाद्या कृतीची, म्हणजे लेख, पुस्तक वगैरेंची, फेरमांडणी किंवा तिच्यात फेरफार करून केलेला वापरही येतो. रूपांतर करण्याचा हक्क कलम १४ प्रमाणे मालकाचा. त्यामुळे "आम्ही शब्द बदलले आहेत" हा बचाव नाहीच, शब्द बदलणं हाच तो फेरफार. दुसऱ्या बाजूने, कल्पनेवर आणि माहितीवर कुणाचा कॉपीराइट नसतो. सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये आर. जी. आनंद विरुद्ध डीलक्स फिल्म्स या खटल्यात हे स्पष्ट केलं आणि एक कसोटी दिली. दोन्ही कृती वाचल्यावर किंवा पाहिल्यावर सामान्य माणसाचं ठाम मत झालं की दुसरी पहिलीची कॉपी आहे, तर उल्लंघन. तीच कल्पना वेगळ्या रीतीने मांडली असेल आणि नवी कृती म्हणून उभी राहत असेल, तर उल्लंघन नाही. तुमच्या कामाला याहून सोपी फूटपट्टी मिळणार नाही. वरचे दोन उतारे घरातल्या कुणालाही वाचायला द्या आणि काय वाटतं ते विचारा.

सॉफ्टवेअरचं पुढे येईल. त्याआधी शब्दांच्या त्या गटाकडे येतो ज्याला हातच लावायचा नाही. या विषयावर लिहिणारे सगळ्यात जास्त घसरतात ते इथे, आणि त्याचा त्रास वाचणाऱ्या दुकानदाराला, कारखानदाराला होतो.

पायरेटेड, बनावट, विनापरवाना, क्रॅक केलेलं, बेकायदा डाउनलोड. लेखात हे शब्द एकमेकांच्या जागी सर्रास फिरवलेले असतात, का तर पुनरुक्ती टाळायची. पण प्रत्येकाची गोष्ट वेगळी आहे. बनावट म्हणजे खरं म्हणून विकलेलं खोटं: तशीच खोकी, तसंच स्टिकर, पैसेही घेतलेले. यात घेणारा फसलेला असू शकतो. क्रॅक केलेलं म्हणजे लायसन्स तपासणारं कुलूप मोडलेलं, आणि घेणाऱ्याला ते बहुतेक वेळा माहीत असतं. विनापरवाना वापराचा एक प्रकार तर असा की सॉफ्टवेअर अगदी अस्सल, बिलासकट घेतलेलं, पण एका मशीनच्या लायसन्सवर पाच मशीनना बसवलेलं. कुपवाडच्या एमआयडीसीतल्या छोट्या कारखान्यात किंवा मार्केट यार्डातल्या अडत दुकानात मला हा तिसरा प्रकार जास्त दिसतो, आणि तो करणाऱ्याला आपण काही गैर करतोय असं वाटतही नाही, कारण बिल फाइलमध्ये लावलेलं असतं. त्याला तुमच्या लेखातून स्वतःचं चित्र ओळखू आलं पाहिजे. तुम्ही त्याच्या प्रकाराला 'बनावट' म्हटलंत तर तो म्हणणार, माझं तर अस्सल आहे, हे माझ्यासाठी नाही.

कॉपीराइट आणि पेटंट हे दोन शब्दही असेच अदलाबदल केलेले दिसतात. १९७० च्या पेटंट कायद्याच्या कलम ३(के) प्रमाणे नुसत्या कॉम्प्युटर प्रोग्रॅमला भारतात पेटंट मिळत नाही. प्रोग्रॅमला संरक्षण आहे ते कॉपीराइट कायद्याचं, तिथे तो साहित्यकृतीच्या व्याख्येत बसवलेला आहे. तेव्हा "सॉफ्टवेअरच्या पेटंटचा भंग" असं एका शब्दाच्या बदलाने लिहिलं गेलं की कायदाच दुसरा झाला.

फ्री या शब्दाचं तर फारच वाईट केलं जातं. मोफत, मुक्त, विनामूल्य, निःशुल्क असं आलटून पालटून. तीस दिवसांचं ट्रायल व्हर्जन मोफत असतं, पण मुदत संपल्यावर वापरायचं तर पैसे लागतात. फ्रीवेअर मोफत असतं, पण ते बदलायचा हक्क मिळत नाही, आणि धंद्यासाठी वापरायला कधीकधी मनाई असते. मुक्त सॉफ्टवेअर, म्हणजे जीपीएलसारख्या खुल्या लायसन्सखालचं लिब्रेऑफिस, गिम्प, इंकस्केप वगैरेंच्या जातीचं, कॉपी करून दुसऱ्याला द्यायला लायसन्समध्येच परवानगी असते. "सॉफ्टवेअर कॉपी करून मित्राला देणं बेकायदा आहे" असं सरसकट वाक्य लिहिलंत तर ते या मुक्त सॉफ्टवेअरच्या बाबतीत खोटं आहे.

शिक्षेच्या वाक्यांना तर हात लावूच नये. कलम ६३ बी, १९९४ च्या दुरुस्तीने आलेलं, असं म्हणतं: बेकायदा प्रत आहे हे माहीत असून ती कॉम्प्युटरवर वापरणाऱ्याला किमान सात दिवस ते तीन वर्षांपर्यंत कैद, आणि किमान ५०,००० ते दोन लाख रुपयांपर्यंत दंड. वापर नफ्यासाठी किंवा धंद्यात झालेला नसेल तर न्यायालय निकालपत्रात विशेष कारणं नमूद करून कैद न देता ५०,००० पर्यंत दंड करू शकतं. यातला 'किमान', 'पर्यंत', 'माहीत असून', 'शकतं' प्रत्येक शब्द वजनाचा आहे. माझ्याकडे आलेल्या एका लेखात 'पर्यंत' गळून 'तीन वर्षांची शिक्षा होते' असं झालं होतं. त्याच लेखात खाली, बहुधा दुसऱ्या कुठल्या लेखातून उचललेलं, 'किरकोळ दंड होतो' असंही होतं. वाचणाऱ्याने कशावर विश्वास ठेवायचा?

आता तुमच्या प्रश्नातला तो भाग, जो तुम्ही मध्येच एका वाक्यात सांगितलात. काही लेखांत क्रॅक कसं टाकायचं ते असतं. ते लेख घेऊ नका. शब्द बदलून नाही, सांगाडा बदलून नाही, दर वाढवून दिला तरी नाही. कलम ६३ मध्ये उल्लंघन करणाऱ्याबरोबर जाणूनबुजून त्याला साथ देणाराही येतो. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये निट प्रो इंटरनॅशनल खटल्यात हा गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र असल्याचं म्हटलं. २०१२ च्या दुरुस्तीने आलेलं कलम ६५ ए संरक्षणाचं कुलूप मोडण्याबद्दल आहे, त्याला दोन वर्षांपर्यंत कैद. लिंकसकट पायरी-पायरीची कृती लिहून देणारी व्यक्ती यात कुठे बसते हे वकील आणि न्यायालय ठरवतील, पण महिन्याला चार पैसे मिळावेत म्हणून तुम्ही त्या प्रश्नात स्वतःला का घालावं?

कायद्यापेक्षा मला जास्त अस्वस्थ करतं ते वेगळं आहे. असल्या प्रत्येक लेखात एक पायरी ठरलेली असते: आधी अँटिव्हायरस बंद करा. वाचणारा ते करतो, कारण लेख मराठीत आहे, सरळ आहे, आपल्याच माणसाने लिहिल्यासारखा आहे. स्टॉप-डीजेव्हीयू नावाचं रॅन्समवेअर मुख्यतः क्रॅक आणि की-जनरेटरच्या (खोटा लायसन्स क्रमांक बनवणाऱ्या प्रोग्रॅमच्या) फायलींतूनच पसरलं. ते फायली कुलूपबंद करतं आणि सोडवायला पैसे मागतं. २०२१ मध्ये रेड कॅनरी या कंपनीने दाखवलं की विंडोज अ‍ॅक्टिव्हेट करण्याच्या केएमएसपिको या साधनाच्या नावाखाली मिळणाऱ्या इन्स्टॉलरमधून क्रिप्टबॉट हा माहिती चोरणारा प्रोग्रॅम शिरतो, ब्राउझरमध्ये जपून ठेवलेले पासवर्ड आणि क्रिप्टोकरन्सीची वॉलेट उचलतो. ज्याच्या कॉम्प्युटरवर अख्ख्या हंगामाच्या हळदीचा हिशेब आहे, शेतकऱ्यांची बाकी आहे, त्याच्या हातात आपण हे देतो. आणि इथे शब्द फिरवल्याने धोका आणखी वाढतो. समजा मूळ लेखात इशारा होता, "ही फाइल उघडू नका, ती संसर्गित असू शकते." चार जणांनी शब्द बदलता बदलता 'संसर्गित'चं 'जुनी' होऊ शकतं, 'असू शकते' गळू शकतं. सूचना टिकते, इशारा झिजतो.

मग पायरेटेड सॉफ्टवेअर या विषयावर लिहूच नये का? जरूर लिहावं. मराठीत याबद्दल चांगलं फारच थोडं आहे आणि गरज मोठी आहे. फक्त पद्धत बदला. मूळ लेख एकदा नीट वाचा. त्यातले मुद्दे वहीत तुमच्या शब्दांत टिपा, वाक्यं नाही. एखादी माहिती, विशेषतः कायद्याची किंवा आकड्याची, त्या लेखावर विसंबून घेऊ नका. कायद्याचा मजकूर सरकारच्या इंडिया कोडवर आहे, तिथून घ्या. मग मूळ लेख बंद करा, आणि लिहिताना पुन्हा उघडू नका. कोणासाठी लिहिताय ते ठरवा. गणपती पेठेतला डीटीपीवाला, कुपवाडचा वर्कशॉपवाला, वालचंद कॉलेजमधला विद्यार्थी, तिघांना वेगळा लेख लागतो. ते ठरलं की क्रम आपोआप बदलतो.

वरचाच उतारा मी वर्कशॉपवाल्यासाठी असा लिहीन:

"ड्रॉइंगचं सॉफ्टवेअर कुणीतरी पेनड्राइव्हवरून टाकून देतं आणि ते लायसन्स न विचारता चालू होतं. म्हणजे लायसन्स तपासणारा भाग कुणीतरी आधीच मोडलेला आहे. मोडणाऱ्याने तेवढंच केलं की सोबत आणखी काही घुसवलं, हे तुम्हाला कळायचा मार्ग नाही. पुढे त्या सॉफ्टवेअरमध्ये दोष सापडला आणि कंपनीने दुरुस्ती काढली, तरी अपडेट घेतलं तर क्रॅक बंद पडेल या भीतीने ती तुमच्या मशीनवर बसतच नाही. हे माहीत असून धंद्यासाठी वापर चालू ठेवलात, तर कॉपीराइट कायद्याचं कलम ६३ बी तुम्हाला लागू होऊ शकतं."

यात क्रॅक हा शब्द क्रॅकच आहे, लायसन्स लायसन्सच आहे, आणि लायसन्स तर दोनदा आलं आहे. येऊ द्या. मराठी शाळेत निबंधात एकच शब्द पुन्हा वापरला की बाई लाल रेघ मारायच्या, ती सवय आपल्याला ललित लिखाणासाठी चांगली आहे. तांत्रिक आणि कायद्याच्या लिखाणात एका वस्तूला लेखभर एकच नाव असावं, नाहीतर वाचणाऱ्याला वाटतं दोन वस्तू आहेत. बदलायचंच असेल तर वाक्याचा कर्ता बदला, उदाहरण बदला, आधी परिणाम सांगून मग कारण सांगा.

आणि लेखात पर्याय द्या. नुसतं "वापरू नका" म्हणून माणूस थांबत नाही, त्याचं काम अडलेलं असतं. पत्रं आणि हिशेबाच्या तक्त्यांना लिब्रेऑफिस, फोटोला गिम्प, लोगो-पत्रिकेला इंकस्केप, पानं लावायला स्क्रायबस, यंत्रभागांच्या ड्रॉइंगला फ्रीकॅड. मराठी अक्षरांसाठी एक टाइप या मुंबईच्या गटाचा मुक्ता फॉन्ट खुल्या लायसन्सखाली आहे. यातली काही साधनं महागड्या सॉफ्टवेअरइतकी पुढे गेलेली नाहीत, तेही लिहा. फ्रीकॅडमध्ये जमत नाही असं एखादं काम वर्कशॉपमध्ये निघालं तर महिन्याच्या भाड्याने लायसन्स घेणं किंवा तेवढं काम बाहेरून करून घेणं परवडतं का, याचा हिशेब मांडून दाखवा. असा परिच्छेद शब्द फिरवणाऱ्या कुठल्याही लेखात सापडणार नाही, कारण तो मुळातच कुणी लिहिलेला नसतो.

एजन्सीला काय सांगायचं तेही विचारात घ्या. शब्द बदलायच्या दरात नवा लेख लिहून परवडत नाही हे खरं आहे. त्यांना सरळ लिहा की क्रॅकच्या कृतीचे लेख मी घेणार नाही, बाकीच्या विषयांवर मूळ लेखाऐवजी फक्त विषय आणि वाचक कोण एवढं कळवा, मी नवा लेख लिहीन, त्याचा दर वेगळा असेल. सोबत एक नमुना जोडा, वरच्यासारखा, आधीचा आणि नंतरचा उतारा शेजारी ठेवून. काही एजन्सी नाही म्हणतील. ज्या हो म्हणतात त्या पुढे टिकणारं काम देतात असा माझा अनुभव आहे. आणि आधी दिलेल्या लेखांपैकी ज्यांत डाउनलोडच्या लिंक आहेत, ते काढून टाकावेत असं त्यांना लेखी कळवून ठेवा. तो मेल जपून ठेवा.